सम्राटाची भाषा, लोकांची घटना

१५ ऑगस्ट १९४५ रोजी दुपारी बारा वाजता जपानी जनतेने आपल्या सम्राटाचा आवाज आयुष्यात पहिल्यांदा ऐकला, आणि तो काय म्हणतो आहे ते बहुतेकांना कळले नाही. ध्वनिमुद्रण आदल्या रात्री राजवाड्याच्या आवारात झाले होते. त्या तबकड्या हाती लागाव्यात म्हणून काही बंडखोर लष्करी अधिकाऱ्यांनी रात्री वाडा धुंडाळला, पण त्या सापडल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी शाळांच्या पटांगणांत, कारखान्यांच्या आवारांत, शेजाऱ्यांच्या घरी लोक रेडिओभोवती मान खाली घालून उभे राहिले. खरखर पुष्कळ होती. पण खरी अडचण भाषेची होती. हिरोहितो वाचत होते ते चिनी वळणाच्या, दरबारी, जुन्या जपानीत. 'शरणागती' हा शब्द त्यात कुठेच नव्हता. युद्धाने आपल्याला अनुकूल असे वळण घेतलेले नाही, अशा आशयाचे एक अतिसावध वाक्य होते, आणि शत्रुराष्ट्रांचा जाहीरनामा मान्य असल्याचे कळवण्यास सांगितले आहे, अशा अर्थाचे दुसरे. त्यानंतर निवेदक वादा नोबुकाता यांनी तोच मजकूर पुन्हा वाचला, पुढची माहिती दिली, तेव्हा कुठे पुष्कळांना उमगले की युद्ध संपले आणि आपण हरलो. आणखी नेटाने लढा असे सम्राट सांगताहेत, असा समज करून घेणारेही होतेच.

पावणेदोन वर्षांनी, ३ मे १९४७ रोजी, त्याच देशात नवी राज्यघटना अमलात आली. ती बोलीच्या जवळ जाणाऱ्या साध्या जपानीत लिहिलेली होती. प्राथमिक शाळेपुढे न गेलेल्या बाईलाही ती अडखळत का होईना, वाचता येत होती.

युद्धोत्तर जपानचा इतिहास आपल्याकडे सहसा दोन तऱ्हांनी सांगितला जातो. एक, मॅकआर्थर आला आणि त्याने लोकशाही दिली. दुसरी, राखेतून उठलेल्या कष्टाळू जपान्यांनी रेडिओ, मोटारी आणि वेगवान आगगाड्या बनवल्या. या दोन्ही कथा ऐकून माझे समाधान होत नाही. चाळिशी उलटल्यावर मी पुण्यात संध्याकाळच्या वर्गात जपानी शिकलो. फार पुढे गेलो नाही. पण त्या काळची पाने शब्दकोश हाताशी घेऊन वाचता येऊ लागली, आणि एक गोष्ट जाणवत गेली. त्या समाजात काय बदलले याची खूण कायद्यांच्या कलमांइतकीच भाषेतही आहे. कोण कोणाशी कोणत्या भाषेत बोलते, कोणता शब्द पुसला जातो, आणि तो पुसल्याचे दिसू दिले जाते की नाही, या प्रश्नांच्या मागावर गेले की तो काळ वेगळाच दिसू लागतो.

पुसण्याची सुरुवात शाळेत झाली. २० सप्टेंबर १९४५ रोजी शिक्षण मंत्रालयाने परिपत्रक काढले की पाठ्यपुस्तकांतला युद्धाचा गौरव करणारा मजकूर वगळावा. नवी पुस्तके छापायला कागद नव्हता, छापखाने जळालेले होते. मग मुलांनीच कुंचला आणि काळी शाई घेऊन आपल्या पुस्तकांतल्या ओळी बुजवल्या. शिक्षक सांगत, अमुक पानावर अमक्या ओळीपासून तमक्या ओळीपर्यंत, मुले रंगवत, मग पान उजेडात धरून खालचे अक्षर दिसत नाही ना हे पाहिले जाई. या पुस्तकांना पुढे 'सुमिनुरी', म्हणजे शाई फासलेली पाठ्यपुस्तके, असे नाव पडले. सुरुवातीला सगळीकडे सारखी यादी नव्हती. त्यामुळे एका शाळेत वाचलेला धडा दुसऱ्या शाळेत काळा झाला. गणितातही शाई पोचली, कारण विमाने आणि रणगाडे मोजण्याची उदाहरणे तिथेही होती.

आपल्या घरात पुस्तकाला पाय लागला की आपण लगेच हात लावून नमस्कार करतो. जपानी मुलांनाही पुस्तक उघडण्यापूर्वी ते दोन्ही हातांनी कपाळापर्यंत उचलून धरायला शिकवलेले होते, असे अनेकांच्या आठवणींत येते. ज्या शिक्षकांनी ते शिकवले, ज्यांनी जुलैमध्ये त्या ओळी पाठ करून घेतल्या, न आल्यास छडी मारली, तेच सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये त्या खोडायला सांगत होते, आणि बहुतेकांनी का ते सांगितले नाही. त्या पिढीतल्या कितीतरी लेखकांनी पुढे लिहिले आहे की मोठ्या माणसांवरचा आपला विश्वास त्या तासाला उडाला. मला हे एखाद्या सनदेइतकेच महत्त्वाचे वाटते. दहा वर्षांच्या मुलाने स्वतःच्या हाताने अधिकृत सत्य काळे करायचे, यापेक्षा प्रभावी नागरिकशास्त्राचा धडा कुणी मुद्दाम रचूही शकला नसता. वर्षअखेरीस, ३१ डिसेंबरला, मॅकआर्थरच्या मुख्यालयाने नीतिशिक्षण, जपानचा इतिहास आणि भूगोल हे तीन विषय शिकवणेच थांबवले. १९४६ च्या वसंतात तात्पुरती पुस्तके आली ती वर्तमानपत्रासारखी न कापलेल्या, न शिवलेल्या कागदांवर. मुलांनी ती घडी घालून, कापून स्वतःच बांधायची होती.

घरोघरची परिस्थिती तर बोलायलाच नको. ६० हून अधिक शहरे बॉम्बहल्ल्यांत जळाली होती. मंचुरिया, कोरिया, चीन, दक्षिणेकडची बेटे अशा ठिकाणी अडकलेले सुमारे ६५ लाख जपानी सैनिक आणि नागरिक परतायचे होते. भाताचे पीक कित्येक दशकांत आले नव्हते इतके वाईट आले. रेशनवर मोठ्या माणसाला दिवसाला सुमारे ३०० ग्रॅम धान्य ठरलेले होते. तेही वेळेवर मिळेना, आणि तांदळाऐवजी रताळी किंवा सोयाबीनची पेंड हातात पडे. शरणागतीनंतर पाचच दिवसांनी टोकियोच्या शिंजुकू भागात मोकळ्यावरचा काळाबाजार भरू लागला होता. शहरातल्या बायका किमोनो घेऊन गाड्यांना लोंबकळत खेड्यात जात आणि रताळी घेऊन परत येत. या जगण्याला लोकांनी नाव दिले 'ताकेनोको' जिणे. ताकेनोको म्हणजे बांबूचा कोंब. त्याचे एकेक सालपट काढतात तसे अंगावरचे एकेक वस्त्र विकायचे. कुणी त्याला कांद्याचे जिणेही म्हणे, कारण सोलताना डोळ्यांत पाणी येते. काळ्याबाजाराचे खटले चालवणारे टोकियोचे न्यायाधीश यामागुची योशितादा यांनी स्वतः रेशनबाहेरचा घास घ्यायचा नाही असे ठरवले आणि ऑक्टोबर १९४७ मध्ये, वयाच्या ३३ व्या वर्षी, कुपोषणाने त्यांचा मृत्यू झाला. त्यांच्या थोरवीबद्दल शंका नाही. पण तो कायदा पाळून जगणे शक्य नव्हते हेच त्यांनी सिद्ध केले.

या भुकेतूनच भाषेची एक मोठी भिंत पडली. १९ मे १९४६ रोजी सुमारे अडीच लाख लोक टोकियोत राजवाड्यासमोर अन्न मागायला जमले. त्यात एका कामगाराच्या हातात एक फलक होता. त्याने तो राजाज्ञेच्या थाटात लिहिला होता. सुरुवातीला आज्ञापत्राचे शीर्षक, शेवटी सही-शिक्क्याची ओळ, आणि मधे सम्राटाने स्वतःसाठी वापरायचे खास सर्वनाम 'चिन'. मजकूर असा की राजसत्ता शाबूत राहिली आहे, आम्ही पोटभर जेवतो आहोत, प्रजाजनहो, तुम्ही उपाशी मरा. आदल्या वर्षीच्या ऑगस्टमध्ये जी भाषा ऐकून लोक कळो न कळो मान खाली घालून उभे होते, तिचेच हे विडंबन होते. आणि ते रस्त्यावरच्या रांगड्या क्रियापदांसह केलेले. त्याच्यावर राजनिंदेचा खटला भरला गेला. पुढे आरोप अब्रुनुकसानीवर आणला गेला, शिक्षेऐवजी माफी मिळाली, आणि १९४७ मध्ये राजनिंदेचा गुन्हाच कायद्यातून गेला. खुद्द सम्राटाने १ जानेवारी १९४६ च्या आज्ञापत्रात आपण देव नसल्याचे सांगितले होतेच. पण तेही अशा अवघड, अपरिचित शब्दांत, की पुन्हा समजावून सांगावे लागले! मला त्या आज्ञापत्रापेक्षा हा फलक महत्त्वाचा वाटतो. देवपण आज्ञापत्राने उतरत नाही. त्या देवाची भाषा कुणीतरी चेष्टेत बोलून दाखवावी लागते.

सम्राटाचा आवाज ज्या रेडिओवर आला, त्याच रेडिओवर आता कुणाचेही आवाज येऊ लागले. १९ जानेवारी १९४६ रोजी हौशी गायकांचा कार्यक्रम सुरू झाला. पुढे रुळलेले त्याचे नाव 'नोदो जिमान', शब्दशः गळ्याचा अभिमान. तो आजही चालू आहे. १९४८ मध्ये सायबेरियाच्या छावणीतून परतलेल्या एका सैनिकाने तिथे कैदी गात असलेले गाणे त्यात म्हटले, आणि ते देशभर पसरले. ते रचणारा कोण हे तेव्हा माहीत नव्हते. नंतर कळले की चाल योशिदा तादाशी या दुसऱ्या एका युद्धकैद्याची होती. रस्त्यात मायक्रोफोन घेऊन माणसांना थेट प्रश्न विचारणारा कार्यक्रमही सुरू झाला. तुम्ही खाता काय, कसे, हा त्यातल्या सुरुवातीच्या प्रश्नांपैकी एक. १९४७ मध्ये निवेदक फुजिकुरा शुइची यांनी युराकुचो स्टेशनजवळच्या वेश्याव्यवसायातल्या एका मुलीचे बोलणे मायक्रोफोन लपवून ध्वनिमुद्रित केले, ते ऐकून देश हादरला. आणि १९४६ पासून 'हरवलेली माणसे' हा कार्यक्रम होताच. अमक्या गावातून, अमक्या तुकडीतून, शेवटचे अमक्या बंदरात दिसलेले, असे एकेका सपाट वाक्यात नावे वाचली जात. तो १९६२ पर्यंत चालला.

इंग्रजीची लाट आली तीही याच काळात. शरणागतीनंतर दोन महिने व्हायच्या आत ३२ पानांची एक जपानी-अमेरिकन संभाषणपुस्तिका निघाली आणि तिच्या ३५ लाखांवर प्रती खपल्या. रेडिओवर हिराकावा तादाइची यांचा इंग्रजी शिकवणारा कार्यक्रम घराघरांत पोचला. त्याचे शीर्षकगीत एका जपानी बालगीताच्या चालीवर होते. १५ ऑगस्टला सम्राटाच्या भाषणाचा इंग्रजी अनुवाद परदेशी श्रोत्यांसाठी वाचणारे हिराकावाच होते, हे कळले तेव्हा मी ते पान उलटायचे थांबलो.

आता घटनेकडे. ती अमेरिकनांनी लिहिली हे खरे आहे. फेब्रुवारी १९४६ मध्ये मॅकआर्थरच्या मुख्यालयातल्या एका गटाने जेमतेम आठवडाभरात इंग्रजी मसुदा तयार केला. स्त्रियांच्या हक्कांचा भाग लिहिणारी बियाते सिरोता अवघी २२ वर्षांची होती आणि त्या खोलीत जपानी समाज आतून पाहिलेली ती जवळजवळ एकटीच होती. मार्चच्या ४ व ५ तारखांना जपानी अधिकारी आणि मुख्यालयाची माणसे रात्रभर बसून ओळीओळीने भाषांतरावर भांडली. पण या कथेत एक जपानी प्रवेश आहे आणि तो भाषेचा आहे. कादंबरीकार यामामोतो युझो आणि काही न्यायविद, विद्वान मार्चअखेर सरकारकडे गेले आणि म्हणाले, ही घटना बोलभाषेत लिहा. तोवर जपानमधला प्रत्येक कायदा जुन्या भाषेत, कोनदार काताकाना अक्षरांत लिहिला जाई. आपल्याकडे सातबारा किंवा जुने खरेदीखत हातात आल्यावर शिकल्या-सवरल्या माणसाचीही जी अवस्था होते, ती आठवावी. सरकारने त्यांचे ऐकले. बोलभाषेत आणल्याने भाषांतराचा वास थोडा कमी होईल, हाही हिशेब त्यामागे होता असे सांगतात. असेना. १७ एप्रिल १९४६ रोजी पूर्ण मसुदा प्रसिद्ध झाला तो साध्या भाषेत, गोलाईदार हिरागाना अक्षरांत. अमेरिकनांनी मजकूर दिला, पण त्याला वाचक मिळवून दिला तो एका कादंबरीकाराने. पुढे घटनेचा प्रचार करणाऱ्या समितीने तिच्यावरच्या पुस्तिकेच्या दोन कोटी प्रती घरोघर वाटल्या. शाळांसाठी निघालेल्या पुस्तकातले एक चित्र प्रसिद्ध आहे. मोठ्या मुशीत तोफा आणि विमाने ओतली जात आहेत आणि खालून आगगाडी, जहाज, अग्निशामक गाडी बाहेर पडते आहे. कोरियाचे युद्ध सुरू झाल्यावर ते पुस्तक हळूच अभ्यासक्रमातून गेले.

लिपीवरही त्याच वर्षी हात पडला. अमेरिकेहून आलेल्या शिक्षण शिष्टमंडळाने रोमन लिपी सुचवली. थोर कथाकार शिगा नाओया यांनी तर जपानी सोडून फ्रेंच हीच राष्ट्रभाषा करावी असे लिहून टाकले! पराभव माणसाला कुठवर नेतो त्याचा हा नमुना. अखेर नोव्हेंबर १९४६ मध्ये रोजच्या वापरासाठी १८५० चिनी चित्राक्षरांची यादी ठरली आणि स्पेलिंग उच्चाराजवळ आणले गेले. १९४८ मध्ये देशभरातल्या १६-१७ हजार माणसांची साक्षरता तपासली तेव्हा अजिबात लिहिता-वाचता न येणारे दोन टक्क्यांच्या आसपास निघाले, आणि रोमन लिपीचा आग्रह ओसरला.

स्त्रियांच्या बाबतीतही 'दिले' हे क्रियापद जपून वापरावे लागते. मॅकआर्थरने ऑक्टोबर १९४५ मध्ये स्त्रीमुक्तीची सूचना दिली; पण इचिकावा फुसाए यांनी शरणागतीनंतर दहाच दिवसांत, २५ ऑगस्टला, जुन्या सहकारिणींना गोळा करून समिती बनवली होती. मताधिकारासाठी त्या १९२० च्या दशकापासून झगडत होत्या. १० एप्रिल १९४६ च्या निवडणुकीत १ कोटी ३० लाखांहून अधिक स्त्रियांनी मत दिले आणि ३९ स्त्रिया निवडून आल्या. जुन्या दिवाणी संहितेत विवाहित स्त्री 'अक्षम' या सदरात मोडत असे. नवऱ्याच्या संमतीवाचून तिला महत्त्वाचे व्यवहार करता येत नसत. १९४७ च्या दुरुस्तीत तो शब्द गेला, आणि कुटुंबप्रमुखाच्या सत्तेवर उभी असलेली 'इए' ही घरसंस्थाही कायद्यातून गेली. घरातून ती किती गेली हा वेगळा विषय आहे.

इथवर वाचून वाटेल की भाषा मोकळी झाली आणि माणसेही. आता दुसरी बाजू. मुलांच्या पुस्तकांवर शाई फासण्याचे परिपत्रक निघाले, त्याच आठवड्यात ताबा घेणाऱ्या अमेरिकी मुख्यालयाने वृत्तपत्रांसाठी नियमावली काढली. युद्धापूर्वीच्या जपानी सेन्सॉरशिपमध्ये खोडलेल्या शब्दांच्या जागी फुल्या किंवा शून्ये छापायची रीत होती. वाचकाला निदान कळे की इथे काहीतरी होते. अमेरिकी सेन्सॉरने फुल्यांनाच बंदी केली. जागा रिकामी ठेवायची नाही, ओळी पुन्हा जुळवून घ्यायच्या, आणि सेन्सॉर आहे याचाही उल्लेख करायचा नाही. भाषणस्वातंत्र्याचे कलम ज्यांनी लिहिले, त्यांच्याच कचेरीत हे चाले. मुलांच्या पुस्तकातली शाई निदान दिसत तरी होती.

अणुबॉम्बविषयीच्या लेखनाला हा जाच सर्वांत अधिक झाला. ओता योको यांनी १९४५ च्या शरदातच हिरोशिमावर पुस्तक लिहिले. ते १९४८ मध्ये काही भाग गाळून निघाले आणि पूर्ण स्वरूपात १९५० मध्ये. डॉक्टर नागाई ताकाशी यांचे नागासाकीवरचे पुस्तक जानेवारी १९४९ मध्ये निघाले, ते जपानी सैन्याने मनिलात केलेल्या कत्तलीचा वृत्तांत त्याला जोडण्याच्या अटीवर. मनिलाची कत्तल घडली होती आणि ती जपान्यांना कळायला हवी होती, यात वाद नाही. पण एका शहराच्या प्रेतांवर दुसऱ्या शहराची प्रेते झाकण म्हणून ठेवणे हा न्याय नव्हे. तपासणीसाठी गेलेली ती मासिके आणि पुस्तके आज अमेरिकेत मेरीलँड विद्यापीठात आहेत, सेन्सॉरच्या पेन्सिलीच्या खुणांसकट. अमेरिकी ताबा २८ एप्रिल १९५२ रोजी संपला. त्या वर्षी ६ ऑगस्टला 'असाही ग्राफ' या सचित्र साप्ताहिकाने हिरोशिमा-नागासाकीची छायाचित्रे छापली आणि बहुसंख्य जपान्यांनी ती तेव्हा, सात वर्षांनी, प्रथम पाहिली. अंक हातोहात संपला, पुन्हा पुन्हा छापावा लागला.

घटनेच्या साध्या भाषेतही एक शब्द होता ज्याने दार लावून घेतले. इंग्रजी मसुद्यात कायद्यापुढची समानता 'सर्व माणसांना' होती, आणि परकीयांनाही कायद्याचे समान संरक्षण मिळेल असे स्वतंत्र कलम होते. जपानी अधिकाऱ्यांनी भाषांतर करताना ते कलम हळूहळू नाहीसे केले आणि लोकांसाठी पहिल्या अनुवादात आलेला 'जिन्मिन' हा शब्द काढून 'कोकुमिन' घातला. 'कोकु' म्हणजे देश, 'मिन' म्हणजे लोक. जिन्मिन हे नुसते लोक. राजवाड्यासमोरच्या फलकावर तोच शब्द होता. कोकुमिन म्हणजे देशाच्या नोंदीतले लोक. हा फरक व्याकरणाचा वाटेल. पण जपानमध्ये तेव्हा लाखो कोरियन आणि तैवानी राहत होते, कित्येकांना खाणींत आणि कारखान्यांत राबायला आणलेले. वसाहतीचे प्रजाजन म्हणून जपानमधल्या पुरुषांना मताचा हक्क होता. ज्या डिसेंबर १९४५ च्या दुरुस्तीने जपानी स्त्रियांना मत मिळाले, तिनेच यांचे मत थांबवले. परकीयांच्या नोंदणीचा आदेश त्यांना लागू झाला २ मे १९४७ रोजी, घटना अमलात येण्याच्या आदल्या दिवशी. आणि २८ एप्रिल १९५२ रोजी, देश स्वतंत्र झाला त्या दिवशी, त्यांचे जपानी नागरिकत्व एका शासकीय परिपत्रकाने संपवण्यात आले. या तिन्ही तारखा मी एका कागदावर लिहून ठेवल्या आहेत. जपानी लोकशाहीच्या प्रत्येक आनंदाच्या तारखेशेजारी यांची एक तारीख येते.

हिरोशिमा-नागासाकीत मेलेल्यांत आणि भाजलेल्यांत हजारो कोरियन होते. त्यांतले वाचलेले पुष्कळजण मायदेशी परतले आणि जपानी सरकारच्या वैद्यकीय मदतीच्या बाहेर पडले. सोन जिन-दू हा त्यांपैकी एक. १९७० मध्ये तो उपचारांसाठी चोरट्या मार्गाने जपानमध्ये आला, पकडला गेला, आणि त्याने बॉम्बग्रस्ताच्या ओळखपुस्तिकेसाठी दावा लावला. सरकारचे म्हणणे, बेकायदा आलेल्या परकीयाला ती मिळणार नाही. ३० मार्च १९७८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्याच्या बाजूने निकाल दिला. बॉम्बग्रस्तांच्या उपचारांचा १९५७ चा कायदा न्यायालयाने वाचून पाहिला. त्यात राष्ट्रीयत्वाची अट घातलेली नव्हती.